मुंगी, पण कुठली?

आमचा कुत्रा जरा कमी भुंकावा, एवढीच माझी अपेक्षा होती. त्याने तोंडच उघडू नये असं मी कधीही म्हटलेलं नाही. हे आधीच सांगून ठेवतो, कारण पुढे इमारतीत माझ्याबद्दल जे काही बोललं गेलं त्यात हा बारकावा झाडून सगळे विसरले.

कुत्र्याचं नाव ठोंब्या. पिल्लू असताना जिथे ठेवू तिथे बसून राहायचा म्हणून अप्पांनी, म्हणजे माझ्या वडिलांनी, हे नाव ठेवलं, आणि मोठा झाल्यावर त्याने त्या नावाचा पार निकाल लावला. दारावरची बेल वाजली की हा भुंकायला लागायचा आणि दार उघडेपर्यंत थांबायचा नाही. दार उघडलं की लगेच गप्प. आलेला माणूस चोर असो की साव, याला काही देणंघेणं नसायचं. शेपूट हलवून स्वारी परत चटईवर. सकाळ-संध्याकाळ आम्ही सगळे घरी असलो तर एखादं भू करून सोडून द्यायचा. त्याचा खरा जोर दुपारी. दुपारी मी ऑफिसात, बायको तिच्या शाळेत, आणि घरात अप्पा आणि तो असे दोघेच.

नेमकी त्याच वेळी खालच्या मजल्यावर सेक्रेटरींची बायको झोपलेली असायची. ती नर्स आहे, रात्रपाळी करते. तिची तक्रार रास्त होती आणि तिने ती कधी केलीही नाही. ती तिच्या नवऱ्याने केली. आमच्या सोसायटीच्या सेक्रेटरींचा आवाज असा आहे की ते जिन्यात कुणाला नमस्कार म्हणाले तर दोन मजले वरची माणसं उलट नमस्कार करतात. बायकोच्या झोपेची काळजी ते याच आवाजात करायचे.

कमिटीने आधी रीतसर एक उपसमिती नेमली. वाजवी भुंकणं म्हणजे किती, हे तिने ठरवायचं होतं. उपसमिती जमली, चहा प्याली, पुन्हा जमली, आणि कुत्र्याने कारणाशिवाय भुंकू नये असं सांगून विसर्जित झाली. कारण आहे की नाही हे कुणी ठरवायचं, याबद्दल तिने अवाक्षर काढलं नाही. मग कमिटीने ठराव केला की पुढच्या मीटिंगपर्यंत भुंकणं थांबलं नाही तर कुत्रा इमारतीतून हलवावा.

हे अप्पांना सांगायचं काम माझ्याकडे आलं. अप्पांची सगळी नोकरी छापखान्यात मशिनवर गेली. मशिनने त्यांचे कान खाल्ले, पण ते मान्य करत नाहीत. त्यांचं म्हणणं, त्यांना व्यवस्थित ऐकू येतं, लोकच हल्ली तोंडातल्या तोंडात बोलतात. मी हौसेने कानाचं मशीन आणून दिलं होतं. ते त्यांनी एक दिवस लावलं, पेपरचं पान उलटलं तरी पत्रा फाडल्यासारखं वाटतं म्हणाले, आणि शिवणाच्या डब्यात टाकून दिलं. ते स्वतः मात्र छापखाना अजून चालू असल्यासारखेच बोलतात. ठरावाबद्दल त्यांना सांगताना मला तीनदा ओरडावं लागलं. मग ते म्हणाले, ठोंब्या जाणार असेल तर माझीही बॅग भरून ठेव. हे ते इतकं स्पष्ट बोलले की खालून सेक्रेटरींनी खिडकी लावून घेतली.

अप्पा चेष्टा करत नव्हते. आई गेल्यापासून दुपारची त्यांना सोबत अशी त्या एका जिवाचीच. मला आणि बायकोला दोघांनाही ते माहीत होतं, म्हणून त्या रात्री कुणी फारसं जेवलं नाही.

शेजाऱ्यांचा सल्ला दुसऱ्या दिवसापासून घरपोच यायला लागला. समोरच्या वकिलांनी सांगितलं की कुत्र्याला भुंकण्याचा आणि शेजाऱ्याला झोपण्याचा असे दोन्ही हक्क आहेत, आणि दोन्ही बाजूंनी लढायची त्यांची तयारी आहे. वरच्या गाणं शिकवणाऱ्या बाईंची भुंकण्याला हरकत नव्हती, बेसूर भुंकण्याला होती. शेवटी वकिलांनीच ओळखीचा एक ट्रेनर गाठून दिला.

ट्रेनर खिशाखिशांची पॅन्ट घालून आला. त्याने ठोंब्याकडे एकदाच बघितलं आणि हा स्वतःला घराचा मालक समजतो असं निदान केलं. मी बायकोकडे बघितलं. त्या जागेसाठी आमच्या घरात आधीच चुरस आहे आणि मी त्यात कुठेच नाही. मग त्याने एका खिशातून काळा पट्टा काढला. पट्ट्यावर काड्यापेटीएवढी डबी, तिच्या आतल्या बाजूला दोन बोथट टोकं, बाहेरच्या बाजूला बारीकसा लाल दिवा. डबीत माइक असतो, कुत्रा भुंकला की दिवा लागतो आणि त्या टोकांतून मानेला हलकासा झटका बसतो, असं त्याने समजावलं.

"दुखत नाही हो," तो म्हणाला. "मुंगी चावल्यासारखं."

"कुठली मुंगी?" मी विचारलं.

तो माझ्याकडे बघतच राहिला. पण मी गमतीने विचारलं नव्हतं. मी वजनमाप खात्यात आहे. दुकानदारांचे काटे तपासायचे, बरोबर असतील तर शिक्का मारायचा, हे माझं काम. माझ्या टेबलावर मखमलीच्या पेटीत पितळी वजनं असतात, ती बोटांनी उचलायचीसुद्धा बंदी आहे, चिमट्याने उचलायची. असल्या माणसासमोर कुणी 'हलकासा' म्हणालं की त्याच्या जिवाला स्वस्थता राहत नाही. काळी मुंगी चावणं वेगळं आणि लाल वेगळं. पायाला चावणं वेगळं, मानेला वेगळं. एकदा चावणं निराळं आणि तोंड उघडलं की दरवेळी चावणं तर फारच निराळं. ट्रेनर म्हणाला, इतकी वर्षं या धंद्यात आहे, मुंगीची चौकशी आजवर कुणी केली नाही. कुत्र्यांनी तर नाहीच.

मग मी सरकारी मार्गाने जायचं ठरवलं. आमच्या साहेबांनी पट्टा उलटसुलट करून बघितला आणि हे वजनही नाही आणि मापही नाही, तेव्हा आपल्याकडे बसत नाही, असं सांगून परत दिला. विजेच्या खात्यात म्हणाले, भिंतीत खुपसायची वस्तू असेल तर बघू, सेलवरची नको. जनावरांच्या दवाखान्यातल्या खिडकीने विचारलं, जनावर आजारी आहे का? नाही म्हटल्यावर खिडकी म्हणाली, आजारी पडलं की आणा. एकूण काय, कुत्र्याच्या मानेला किती दुखतं हे मोजायचं टेबल कुठल्याच ऑफिसात नव्हतं.

बायकोचा सुरुवातीपासून विरोध होता. "बोलला म्हणून चावायचं, हा कुठला न्याय?" ती म्हणाली. "माझ्या वर्गातली निम्मी पोरं दिवसभर बडबडतात. त्यांनाही एकेक पट्टा आणाल?" हे बोलताना तिच्या डोळ्यांत क्षणभर मोह दिसला, पण तिने तो आवरला.

मी माझी बाजू मांडली. मला काय हौस आहे का? मानेला थोडं दुखणं बरं की कायमचं घर सुटणं बरं? आणि अप्पांचं काय? यावर ती म्हणाली, "दोनच रस्ते आहेत असं तुम्हाला कुणी सांगितलं? तो भुंकतो का, ते आधी बघा की." पण दुपारी मी घरी नसतो, आणि मीटिंग जवळ येत होती. मी पट्टा सगळ्यात खालच्या आकड्यावर ठेवला आणि ठोंब्याच्या गळ्यात बांधला. बिनशिक्क्याच्या काट्यावर ज्याने जन्मात बटाटे घेतले नाहीत, त्या माणसाने हे केलं.

पहिली बेल वाजली तेव्हा ठोंब्या भुंकला, दचकला आणि मागे वळून बघायला लागला. मग त्याने माझ्याकडे बघितलं, मग अप्पांकडे. कुणी काय केलं हे त्याला कळत नव्हतं. मला ते बघवलं नाही, म्हणून मी पाणी प्यायला आत गेलो. दोन-चार दिवसांत तो पार गप्प झाला. लिफ्टमध्ये सेक्रेटरी मला "वा!" म्हणाले आणि लिफ्ट हलली. वकिलांनी हात मिळवला. मीही जरा फुशारलो. ऑफिसात एका सहकाऱ्याला त्याच्या मुलाच्या अभ्यासाबद्दल, तो विचारत नसताना, शिस्तीवर चार शब्द ऐकवले.

मग एकेक सुरू झालं. गॅसवाला बेल वाजवून परत गेला. कुरियरवाला दोनदा परत गेला, तिसऱ्यांदा दारावर मुठी आपटून गेला. एका दुपारी बायको किल्ली विसरली. तिने बेल वाजवली, फोन केला, मग चप्पल काढून दार बडवलं. आत अप्पा पेपर वाचत होते आणि ठोंब्या गप्प होता. त्या बडवण्याने खालची नर्स जागी झाली, तशीच विस्कटलेल्या केसांनी वर आली आणि बायकोला आपल्या घरी घेऊन गेली. मी संध्याकाळी पोचलो तेव्हा दोघी चहा पीत होत्या. "तुमचा कुत्रा परवडला," नर्स मला शांतपणे म्हणाली. "तो दार उघडलं की थांबायचा तरी. आता सगळी दुपार लोक दार बडवतात." घरी गेल्यावर बायकोने हेच वाक्य मला पुन्हा ऐकवलं, म्हणजे मी ते नीट ऐकलं नसेल तर राहायला नको.

हेही मी निभावून नेलं असतं. पण ठोंब्या अप्पांकडे जाईना. पूर्वी तो दुपारभर अप्पांच्या पायावर हनुवटी टेकून पडायचा. आता तो वॉशिंग मशीनच्या मागे, भिंतीला पाठ लावून. अप्पा त्याला हाक मारायचे, "ठोंब्या, ये रे बाळा." तो आणखी आत सरकायचा. अप्पांना वाटायचं याला ऐकू गेलं नसेल, म्हणून ते आणखी मोठ्याने हाक मारायचे. बिस्किट हातात धरून ते त्या मशीनपुढे स्टूल टाकून बसलेले मी पाहिले.

"माझं काही चुकलं असेल," ते मला म्हणाले. "नाहीतर मला म्हाताऱ्याला कंटाळला असेल. त्यात त्याचा काय दोष?" मी तोंडातल्या तोंडात काहीतरी म्हणालो, ते त्यांना ऐकू गेलं नाही.

रविवारी सकाळी मी पट्ट्याचे सेल बदलायला घेतले. पट्टा जेवणाच्या टेबलावर पडला होता. पलीकडे अप्पा पेपर उघडून बसले होते.

"चहा झाला का?" अप्पा म्हणाले.

डबीवरचा लाल दिवा लागला.

मी दिव्याकडे बघितलं. ठोंब्या कुठे आहे ते बघितलं. तो मशीनच्या मागेच होता, भुंकलेला नव्हता. "अरे, कुणी ऐकतंय का?" अप्पा म्हणाले. दिवा पुन्हा लागला. आणि तिकडे मशीनमागे, गळ्यात काही नसतानाही, ठोंब्याने कान पाडून डोळे मिटून घेतले.

पण माणसाचा स्वभाव जात नाही. अर्ध्या तासात मी तो पट्टा आमच्या खात्याच्या पद्धतीने तपासायला बसलो. स्टीलचं भांडं पडलं की दिवा लागायचा. मिक्सरला लागायचा नाही. वरच्या बाईंच्या वरच्या सुराला अधूनमधून लागायचा. बायको बोलली तर कधीच लागला नाही. याचा तिने पुढे अनेक वर्षं पुरेल एवढा उपयोग करून घेतला आहे. मी बोललो तर लागत नाही असं मी तिला समजावत होतो, तेवढ्यात लागला. आणि अप्पा काहीही बोलले तरी लागायचा. इतके दिवस ते त्याला माया करत होते आणि तो दरवेळी चावा खात होता. हे अप्पांना सांगायचं कसं? त्याच संध्याकाळी मीटिंग होती. मी पट्टा खिशात टाकला.

मीटिंग खाली पार्किंगमध्ये, विजेच्या मीटरांशेजारी, प्लास्टिकच्या खुर्च्या मांडून असते. ठोंब्याची रदबदली करायला अप्पाही आले आणि पहिल्या रांगेत बसले. मी पट्टा टेबलावर ठेवला. काय सांगायचं ते मनात जुळवत होतो, तोवर सेक्रेटरी बोलायला उभे राहिले. दिवा लागला. त्यांनी पाण्याच्या टाकीचा विषय काढला, दिवा लागला. स्कूटर नीट लावाव्यात म्हणाले, लागला. मागच्या रांगेत खसखस पिकली. शेवटी त्यांनी हा काय प्रकार आहे असं विचारलं, तेव्हा मला सांगावं लागलं की हा भुंकणं ओळखणारा पट्टा आहे आणि ते बोलले की त्याचा दिवा लागतो.

"म्हणजे मी भुंकतो?" सेक्रेटरी म्हणाले. दिवा लागला.

हसून हसून वकील खुर्चीवरून घसरले. नर्सने तोंडाला रुमाल लावला. सेक्रेटरी लालबुंद झाले, पण माणूस हुशार. त्यांनी एकदम आवाज खाली आणला आणि पुढचं सगळं कुजबुजत बोलायला लागले. मग ज्याला बोलायचं तो आधी डबीकडे बघायचा आणि कुजबुजायचा. आमच्या सोसायटीची इतकी सभ्य मीटिंग मी पाहिलेली नाही. फक्त अप्पांना त्यातलं अक्षर कळेना. ते या तोंडाकडून त्या तोंडाकडे बघत होते. त्यांना वाटलं, त्यांच्यापासून लपवून ठोंब्याचा निकाल लागतोय.

"काय ठरलं?" अप्पा म्हणाले. "त्याला काढताय का?"

दिवा लागला. सगळे दिव्याकडे बघायला लागले, म्हणून अप्पांनीही बघितलं. ते उठून टेबलापाशी आले. जन्मभर मशिनवर राहिलेला माणूस. त्याला डबी समजायला वेळ लागला नाही. त्यांनी ती उचलली, दोन टोकं मनगटाच्या आतल्या बाजूला घट्ट धरली, आणि रोजच्या आवाजात म्हणाले, "ठोंब्या, ये रे बाळा."

त्यांचा हात उडाला. डबी टेबलावर पडली. कुणी हसलं नाही.

अप्पा मनगट चोळत माझ्याकडे वळले. "दरवेळी?" त्यांनी विचारलं.

मी मान डोलावली.

अप्पांनी डबी टेबलाच्या कडेला सरकवली. मग सेक्रेटरींना नाही, नर्सला उद्देशून म्हणाले, "बाई, तो उगाच भुंकत नव्हता. मला बेल ऐकू येत नाही. सुरुवातीला बेल वाजली की तो नुसता माझ्याकडे यायचा, ते मला कळायचं नाही. मी पेपरात असायचो. मग भुंकायला लागला, आणि मी त्याला दरवेळी शाबासकी द्यायचो. कुणाला कळायला नको, म्हणून त्याच्याकडून ऐकून घेत होतो. तुमची झोप मी मोडली. त्याला काढू नका."

सेक्रेटरी काहीतरी बोलले. कुजबुजत बोलले, म्हणून अप्पांनी कानाला हात लावला. सेक्रेटरींनी एकदा डबीकडे बघितलं, आणि मग तिची पर्वा न करता, आपल्या मूळ आवाजात म्हणाले, "नाही काढत, काका. बसा तुम्ही." दिवा लागला आणि त्याच्याकडे कुणी बघितलंही नाही.

घरी आल्यावर अप्पांनी स्वतः शिवणाचा डबा उघडला, रिळांच्या खालून कानाचं मशीन काढलं आणि लावलं. पेपर बाजूला ठेवला. मी त्यांना हळूच विचारलं, कारण मला अजूनही ते जाणून घ्यायचं होतं, की मुंगीसारखंच होतं का. त्यांना ते पहिल्या खेपेत ऐकू गेलं.

"मुंगी चावली तर माणूस मुंगीला झटकतो," ते म्हणाले. "यात झटकायचं कुणाला, तेच कळत नाही."

पट्टा मी ट्रेनरला परत केला. त्याने न वापरता परत देताय का असं विचारलं, तर मी म्हटलं, वापरला, पण चुकीच्या घरात. ठोंब्या त्या रात्री वॉशिंग मशीनच्या मागून आला नाही, दुसऱ्या दिवशीही नाही. अप्पा मात्र चिकाटीचे. ते जमिनीवर बसायचे आणि त्याला हाक मारायचे. आता स्वतःचा आवाज त्यांना स्वतःला ऐकू यायला लागला होता आणि त्याची त्यांना दहशतच बसली होती. हाक इतकी हळू असायची की दारात उभा असून मला ऐकू येत नसे. ठोंब्याला येत होती. आधी नाक बाहेर आलं, मग पंजे, आणि एका दुपारी हनुवटी पायावर आली. त्या दुपारी मी मुद्दाम रजा काढून घरी बसलो होतो, म्हणून मला ते दिसलं.

तेवढ्यात बेल वाजली. अप्पा आधी उठले. ठोंब्या बुचकळ्यात पडून त्यांच्याकडे बघत राहिला, मग न राहवून, जुन्या सवयीने, एकदाच भुंकला आणि लगेच मान आत ओढून घेतली. अप्पा दाराच्या वाटेवरून परत आले, गुडघे धरत खाली वाकले आणि त्याच्या मानेवर, पट्टा असायचा तिथे, हात ठेवला.

"ऐकलं रे," ते हळूच म्हणाले. "ऐकलं मी."